दोनदा मेलेलं लाकूड

वामन तांबडे वखारीत शिरताना चपला बाहेर काढतो. देवळात काढाव्यात तशा. मग थप्पीतली एक फळी निवडतो, तिच्या टोकाला डावा कान लावतो आणि उजव्या हाताच्या मधल्या बोटानं हातभर अंतरावर हळूच टिचकी मारतो. डोळे मिटलेले. श्वास बंद. करवतवाला मशीन थांबवतो. हमाल तंबाखू मळता मळता थांबतात. एवढी मोठी वखार, बाहेर कल्याण-शीळ रस्त्यावर ट्रक भोंगे मारतायत, आणि आत मयताच्या घरासारखी शांतता.

मग वामन डोळे न उघडता म्हणतो, "आहे. आत आहे अजून."

मी पहिल्यांदा हे ऐकलं तेव्हा माझ्या अंगावर काटा आला. भीतीनं नाही, सवय नव्हती म्हणून. मी विचारलं, "कोण आहे आत?"

"पाणी," वामन म्हणाला आणि पुढच्या फळीकडे वळला.

आता माझी ओळख सांगतो, म्हणजे कोण लिहितंय ते कळेल. मी सुतार. शाळा चौथीपर्यंत. पाचवीत बापानं दप्तराऐवजी रंधा दिला, तो अजून माझ्याकडे आहे आणि अजून चालतो. पाचवीच्या पुढं शिकलेल्या किती जणांचं शिक्षण अजून चालतं ते त्यांनी सांगावं. विठ्ठलवाडी स्टेशनपासून आत माझी पत्र्याची शेड आहे. लोक मला मिस्त्री म्हणतात. देव, भूत, भानामती यातलं मी काही मानत नाही. आमच्या घरात बापाच्या वेळेपासून ते बंद झालं. हे आधीच सांगून ठेवतो, कारण पुढं जे येणार आहे ते वाचून कुणी म्हणेल, म्हातारा घाबरला. म्हातारा घाबरलेला नाही.

वामनची आणि माझी पहिली भेट भांडणातच झाली. कल्याणच्या एका बंगलेवाल्याला अंगणात, उघड्यावर, लाकडी बैठक करून पाहिजे होती. त्यानं मला बोलावलं आणि लाकूड निवडायला वामनला. मी वखारीत गेलो तर समोर पाईनच्या फळ्या, रंगानं हिरवट, शेवाळ आल्यासारख्या.

मी म्हटलं, "हे खोक्याचं लाकूड. यात सफरचंदं येतात. माणसं बसवायची असतील तर सागवान आण."

वामन बारीक अंगाचा, डोळे खोल गेलेले, शर्टाचं वरचं बटण कायम लावलेलं. तो म्हणाला, "मिस्त्री, सागवान चांगलंच. पण आज तुम्हाला सागवान म्हणून विकतात त्याला पंधरा वर्षं पण झालेली नसतात. नुसता पांढरा भाग. वाळवी त्याला चिवड्यासारखा खाईल. याला तोंड लावून बघू दे म्हणावं."

मला राग आला, कारण ते खरं होतं.

मग त्यानं मला थप्पीवर बसवून सगळं सांगितलं. मी शिकायला बसलो नव्हतो, पाय दुखत होते म्हणून बसलो होतो. वामन तीस वर्षं लाकडाला औषध पाजायच्या कारखान्यात भट्टीवर होता. तिथं एक लांब लोखंडी टाकी असते, बॉयलर आडवा टाकावा तशी. लाकूड ट्रॉलीवर रचून आत ढकलायचं, दार बंद करायचं, बोल्ट आवळायचे. आधी पंपानं आतली हवा ओढून घ्यायची.

"म्हणजे लाकडाचा श्वास काढून घ्यायचा," वामन म्हणाला.

मग औषधाचं पाणी सोडायचं आणि दाब देऊन ते लाकडाच्या आत ठोसायचं. वरून ब्रशनं लावलेलं औषध कातडीवर राहतं, हे मांसात जातं. मग वाळवी लागत नाही, बुरशी धरत नाही. बाहेर येतं तेव्हा लाकूड हिरवं, जड, टपटप गळणारं.

"खाडीतनं बुडालेला माणूस काढतात ना, तसं दिसतं. पहिल्या दिवशी मी जेवलो नव्हतो."

आणि खरी चूक इथंच होते, तो म्हणाला. औषध पाजलं म्हणजे काम झालं असं समजून लोक तेच ओलं लाकूड उचलतात आणि लावतात. ते जागेवर वाळायला लागतं. वाळताना आकसतं, पीळ घेतं, फाटतं, स्क्रू सैल करतं. म्हणून औषधानंतर ते वाळवायच्या भट्टीत घालायचं. सावकाश आच, दिवसच्या दिवस. घाई केली तर वरून वाळतं आणि आतून रडत राहतं.

"लाकूड दोनदा मरावं लागतं, मिस्त्री. एकदा कुऱ्हाडीनं, एकदा भट्टीत. एकदाच मेलेलं लाकूड बोलतं. बोलकं लाकूड बाहेर लावू नये. मुकं घ्यावं."

हे बोलकं आणि मुकं त्याचं कायमचं. दुकानदार मीटर दाखवतात, दोन सुया टोचल्या की ओलीचा आकडा येतो. वामन आकडा बघतो, वीसच्या खाली असला की मान हलवतो, आणि तरी कान लावतोच. "मीटर जिथं टोचलं तिथलं सांगतो," म्हणतो. "मी सगळ्या अंगाचं विचारतो."

त्या दिवशी त्यानं थप्पीतली एक फळी बाजूला काढून भिंतीला टेकवली आणि म्हणाला, "ही मंगळवारी फाटेल. दुपारची."

मी म्हटलं, "कुंडली बघितलीस काय तिची?"

"ऐकलं," तो म्हणाला.

मंगळवारी मला कल्याणला काही काम नव्हतं. तरी मी गेलो. रिक्षा करून गेलो. वखारीत तीन वाजता जाऊन उभा राहिलो आणि फळीकडे बघत नाही असं दाखवत राहिलो. चारच्या सुमाराला पत्र्यावरचं ऊन त्या भिंतीवर आलं आणि फळी टाळी वाजवल्यासारखी फाटली. वरपासून खालपर्यंत. हमालांतला एक जण हात जोडून उभा राहिला. मी हात जोडले नाहीत. पण बंगल्याची बैठक मग मी पाईनचीच केली, वामननं निवडलेल्या फळ्यांची, आणि ती आज चार पावसाळे झाले तशीच आहे. ज्याला पटत नाही त्यानं जाऊन बसून बघावं.

त्यानंतर आम्ही जोडीनं कामं करायला लागलो. तो निवडायचा, मी करायचो. लोक आम्हाला डॉक्टर आणि कंपाउंडर म्हणायचे. त्यात डॉक्टर कोण ते मी विचारलं नाही.

माजिवड्याचं काम मात्र सांगितलंच पाहिजे. तिथं एका मोठ्या सोसायटीच्या बागेत दुसऱ्याच ठेकेदारानं लाकडी मंडप आणि त्याखाली बाकडी केली होती. महिना झाला नाही तोवर मला फोन आला. सेक्रेटरी होते, शिकलेले गृहस्थ, पण आवाज बारीक. "मिस्त्री, जरा येऊन बघा. बाकडं वळलंय."

"वळलंय म्हणजे?"

"म्हणजे वळून बघतंय."

गेलो. खोटं नाही सांगत, बाकड्याची पाठ एका बाजूनं अशी फिरली होती की माणूस खांद्यावरून मागं वळून बघतो तशी दिसावी. आणि बघत होतं ते बी विंगच्या दुसऱ्या मजल्यावरच्या खिडकीकडे. त्या खिडकीतले आजोबा रोज त्या बाकड्यावर बसायचे आणि त्याच आठवड्यात वारले होते. झालं. बागेत मुलं यायची बंद झाली. बाकड्याखाली नारळ, लिंबू, हळदकुंकू. मंडपाचे स्क्रू बोटभर वर आलेले, कुणीतरी आतून ढकलल्यासारखे. उन्हात उभा होतो तरी माझी मान गार पडली.

वामननं गेटवरच चपला काढल्या. बाकड्याला कान लावला. सोसायटीची वीसपंचवीस माणसं लांब उभी. एक बाई हलक्या आवाजात म्हणाल्या, "काय म्हणतायत आजोबा?"

वामन म्हणाला, "आजोबांचं माहीत नाही. ठेकेदारानं ओलं लावलंय."

वॉचमन बिहारचा होता. त्यानं विचारलं, "भूत गया क्या, चाचा?"

"भूत था ही नहीं. पानी था. जाते जाते मरोड़ के गया."

सगळं उतरवून आम्ही परत केलं, दोनदा मेलेल्या लाकडाचं. तिथं वामननं माझा जो जीव खाल्ला तो मी विसरणार नाही. फळी कापली की लगेच कापलेल्या टोकाला औषध लावायचं, कारण आतपर्यंत औषध पोचलेलं असेलच असं नाही. "ही जखम उघडी ठेवलीत, मिस्त्री," असं म्हणून तो ब्रश घेऊन माझ्या मागं मागं फिरायचा. साधा खिळा दिसला की उचलून खिशात टाकायचा, हे औषध साध्या लोखंडाला खातं, जस्ताचा जाड मुलामा असलेलेच स्क्रू पाहिजेत. खांब मातीत गाडायचा नाही, लोखंडी पायावर जमिनीपासून वर उभा करायचा. भुसा उडताना तोंडाला फडकं. आणि उरलेले तुकडे वॉचमनला शेकोटीला द्यायचे नाहीत, धूर विषारी.

"एवढं तर नवरा बायकोला जपत नाही," मी एकदा वैतागून म्हटलं.

वामन ब्रश डब्यात बुडवून तसाच धरून राहिला. औषध थेंब थेंब गळत होतं.

माणसांच्या बाबतीत मात्र तो फार अडचणीचा. कुणाच्या लग्नात गेला की मंडपाचे वासे ठोकून बघणार. भेटलात की नमस्काराऐवजी पाठीवर टिचकी मारणार आणि मान वाकडी करून ऐकणार. आमच्या ओळखीचे एक पेंटर वारले, तेव्हा तर यानं कमालच केली. माणसं रडतायत, तिरडी बांधून झालीय, आणि हा वाकून तिरडीच्या बांबूला कान लावून बसला. मी दंड धरून ओढलं. तर माझ्या कानात म्हणाला, "डावा ओला आहे. वळणावर वाकेल." आणि वळणावर तो वाकला. खांदेकऱ्यांना वाटलं पेंटरनं कूस बदलली. दोघं जण खांदा सोडून पळाले. मी आणि वामननं धरलं म्हणून बरं.

असा हा माणूस. एकटा राहायचा, डोंबिवलीला पूर्वेला, चाळीत पहिल्या मजल्यावर भाड्यानं. बायको सुलोचना वहिनी आमची ओळख व्हायच्या आधीच गेल्या, मूलबाळ नाही, एवढंच मला ठाऊक. त्यानं मला घरी कधी बोलावलं नाही आणि मी न बोलावता कुणाच्या घरी जात नाही.

गेल्या मार्चात एक दिवस शोभाताई माझ्या शेडवर आल्या. त्या वामनच्या शेजारच्या खोलीत राहतात, पोळीभाजीचे डबे करतात, आवाज असा की रंध्याच्या आवाजावरून ऐकू यावा.

"जयभीम, मिस्त्री. तुमच्या दोस्ताला समजवा. नाहीतर येत्या शनिवारी तो घराबाहेर."

"जयभीम. झालं काय?"

त्यांनी आवाज खाली केला. तेव्हाच मला कळलं की प्रकरण साधं नाही.

"त्याच्या खोलीत कोण तरी आहे. दुपारी पत्रा तापला की ठोकायला लागतं. टक. थांबतं. परत टक, टक. आणि हा आतनं उत्तर देतो. 'हो, आलो.' 'उठलो, उठलो.' खोलीत तर हा एकटा! मी भिंतीला ग्लास लावून ऐकलंय."

"ग्लास कशाला लावला?"

"खात्री नको? इतकी वर्षं लोकांनी कानाडोळा केला. खालच्या मजल्यावरची सून सातव्या महिन्यात आहे, ती माहेरी जायला निघाली. कोपऱ्यावरचे लोक खोली सोडून गेले. सगळ्यांनी मिळून मालकाला सांगितलंय. मालकाला तेच पाहिजे, त्याला नवीन भाडेकरू आणायचाय. शनिवारपर्यंत जे काय आहे ते खोलीतनं निघालं नाही, तर वामनभाऊंचं सामान गॅलरीत. या वयात कुठं जाणार तो? तुमचं तरी ऐकेल."

"भूतबित काही नसतं, शोभाताई."

"मग या आणि सांगा तसं," त्या म्हणाल्या. "दुपारी या. दोनच्या पुढं."

मी दुसऱ्या दिवशी दोनला गेलो. पाच मिनिटं आधीच. गॅलरीत दारं सगळी बंद, वाळत घातलेल्या साड्या हलत नव्हत्या. वामननं दार उघडलं, मला बघून त्याचा चेहरा पडला. पण आत या म्हणाला.

आत पाय ठेवला आणि मी वामनला ओरडायला तोंड उघडलं ते उघडंच राहिलं. खोलीत एका बाजूला भिंतीला लागून पलंगाएवढी, पलंगाएवढ्याच उंचीची थप्पी. पाईनच्या फळ्या, मध्ये मध्ये पट्ट्या ठेवून नीट रचलेल्या. हिरव्यागार. ओल्या. भट्टीचं तोंड न बघितलेल्या. खिडकी सताड उघडी, तरी औषधाचा वास नाकात शिरत होता. थप्पीसमोर एक स्टूल, आणि सगळ्यात वरच्या फळीवर घडी घातलेली सुती चादर.

"वामन," मी म्हटलं, "जगाला मुकं लाकूड दाखवतोस आणि घरात हे?"

तो म्हणाला, "बसा. चहा टाकतो."

मी स्टुलावर बसलो. तो शेगडीपाशी गेला. वरचा पत्रा तापून कडकडत होता. आणि थप्पीतून आवाज आला. टक.

मी पन्नास वर्षं लाकडात काढली आहेत. लाकूड वाळताना वाजतं, मला ठाऊक आहे. पण हा आवाज तसा नव्हता, किंवा तसाच होता आणि खोली वेगळी होती. कुणी तरी पडल्या पडल्या बोटाच्या पेरानं ठोकावं, जोर नसलेल्या हातानं, तसा.

वामननं गॅस बारीक केला, भांड्यातून पाणी घेतलं, थप्पीजवळ येऊन उभा राहिला. "हो, आलो," म्हणाला. थोडा वेळ थांबला. मग पाणी खिडकीतल्या तुळशीत ओतून परत चहाकडे गेला. जसं काही रोजचंच.

मला उठून जायचं होतं.

"कोण आहे ते?" मी विचारलं. या वेळी तो पाणी म्हणाला नाही.

चहा कपात ओतता ओतता त्यानं सांगितलं. माझ्याकडे बघितलं नाही. सुलोचना वहिनींना अर्धांगवायू झाला होता. पावणेदोन वर्षं अंथरुणावर. वाचा गेली, उजवा हात गेला, डाव्या हाताची दोन बोटं तेवढी हलायची. त्यानं पलंगाच्या कडेला, हाताशी येईल अशी एक फळी ठोकून दिली होती. एक टक म्हणजे पाणी. दोन म्हणजे कुशीवर वळव. "पाठ सोलवटायची हो तिची. दर दोन तासांनी वळवायला लागायचं. मी पहिल्या पाळीला असलो की शेजारच्या ताई बघायच्या. दुपारी मी आलो की मी."

"मग?"

"तेव्हा एका गिऱ्हाइकाचा झोपाळा करायचा होता. कारखान्यातनं ओल्या फळ्या आणल्या, म्हटलं घरातच वाळवू, भट्टीची वाट कोण बघणार. तिथंच भिंतीला लावल्या. त्या वाजायच्या. ती हसायची, तोंडाच्या एका बाजूनं. मी उठायचो आणि ते लाकूड निघायचं. दिवसातनं पन्नास वेळा."

पत्रा वाजला, आम्ही दोघांनीही थप्पीकडे बघितलं.

"त्या दिवशी पाळी करून आलो. जेवण पण झालं नव्हतं. तिच्या पलंगाखाली चटईवर आडवा झालो. टक, टक झालं. मी म्हटलं, लाकूड आहे. परत झालं. मला लाकूड कळतं मिस्त्री, तीस वर्षं. मी झोपेतनंच म्हटलं, वाळतंय, वाळू दे. पाच वाजता उठलो."

पुढचं मी विचारलं नाही. चहावर साय धरली.

"आता मी प्रत्येक वेळी उठतो," शेवटी तो म्हणाला. "थप्पी वाळली की मुकी होते. मग ती देऊन टाकतो कुणाला तरी आणि दुसरी ओली आणतो. हजार वेळा लाकडासाठी उठलो तर काय बिघडलं? एकदा न उठलेलं आहे ना."

मी साय बाजूला करून चहा प्यायलो, कारण काही तरी करायला पाहिजे होतं.

"शनिवारी तुला काढतायत," मी म्हटलं.

"माहीत आहे."

"मग लाकूड काढ, खोली ठेव."

"खोली कशाला पाहिजे मग?" तो म्हणाला. हे त्यानं इतकं साधेपणानं विचारलं की मला चीड आली. मला अशा वेळी चीडच येते.

मी म्हटलं, "गाढवा, माझी शेड आहे ना. पत्र्याचीच आहे. दुपारी अशीच तापते. थप्पी तिथं राहील. दुपारी तू तिथं ये, संध्याकाळी घरी जाऊन झोप. माणसासारखा. आणि घरात औषधाचा वास घेऊन झोपतोस, हेच तू दुसऱ्यानं केलं असतं तर त्याला फाडून खाल्लं असतंस."

तो बराच वेळ थप्पीकडे बघत होता. विचारत होता म्हणा. मग म्हणाला, "खालच्या पट्ट्या सरळ ठेवाल? एका रेषेत?"

"मला शिकवतोस?"

शुक्रवारी टेम्पो आणला. हिरव्या फळ्या एकेक करून जिन्यानं उतरल्या तेव्हा सगळी चाळ गॅलरीत उभी होती. शोभाताई पुढं.

मी मोठ्यानं सांगितलं, "ओलं लाकूड आहे. वाळताना वाजतं. भूत नाही, काही नाही. सुनेला सांगा, माहेरी जायचं तर खुशाल जा, पण घाबरून नको."

शोभाताईंनी कमरेवर हात ठेवले. "लाकूड ना? मग हा उत्तर कुणाला द्यायचा?"

वामन फळीचं एक टोक धरून जिन्यात उभा होता. त्याचा चेहरा मला दिसत नव्हता.

"मला," मी म्हटलं. "फोनवर. मी दुपारी त्याला फोन करतो. त्याचा फोन स्पीकरवर असतो. दोघंही बहिरे झालोय."

आयुष्यात मी एवढं खोटं एका दमात बोललो नव्हतो. शोभाताईंनी माझ्याकडे असं बघितलं की त्यांना पटलेलं नाही हे मला कळावं. पण मग त्या वळल्या आणि गॅलरीतल्या लोकांना म्हणाल्या, "चला, बघता काय? लाकूड कधी बघितलं नाही का?" खोली राहिली. मालक नाराज झाला, तो होऊ दे.

तेव्हापासून थप्पी माझ्या शेडमध्ये मागच्या बाजूला आहे. वामन दीडला येतो. चपला बाहेर काढतो. माझ्या शेडमध्ये खिळे पडलेले असतात, मी सांगून थकलो. थप्पीसमोर बसतो, माझ्यासाठी फळ्या निवडतो, टोकांना औषध लावतो आणि टक झालं की उठतो. गिऱ्हाईक असलं तर मी जोरात रंधा मारायला लागतो, म्हणजे त्यांना ऐकू येत नाही. शेडमध्ये सकाळी मी एकटा असतो तेव्हा तिकडे माझी पाठ असते. मुद्दाम नाही, माझा कामाचा बाक तसा आहे.

परवाची गोष्ट. दुपारचे तीन. वामन नाक्यावर चहा आणायला गेला होता. मी एका खांबाला खाच पाडत होतो. पत्रा तापलेला, वारा पडलेला, बाहेर कुत्रंसुद्धा भुंकत नव्हतं. मागं आवाज आला. टक. टक.

मी पटाशीवर हातोडी मारली. थांबलो.

परत. टक. टक. हलकेच, घाई नसल्यासारखं.

मी वळून बघितलं नाही. मनात म्हटलं, वाळतंय. लगेच दुसरं मनात आलं, की हेच तोही म्हणाला होता. मग मला पटाशी धरवेना. मी ती खाली ठेवली, हात पुसले, थप्पीपाशी गेलो. वरच्या फळीला हात लावला. एवढ्या उकाड्यात असून गार होती. मी इकडे तिकडे बघितलं, कुणी नव्हतं.

"हो, वहिनी," मी म्हटलं आणि दोन्ही हातांनी फळी उचलून, सावकाश, दुसऱ्या कुशीवर वळवली. जड होती. घडी घातलेली चादर बाजूला पडली ती परत वर ठेवली.

वामन चहा घेऊन आला. आल्या आल्या त्याची नजर थप्पीवर गेली. त्याच्या नजरेतून लाकूड सुटत नाही.

"कुणी वळवली?"

"मी. एका बाजूला ओल जास्त होती. पीळ घेतला असता."

त्यानं फळीकडे बघितलं, माझ्याकडे बघितलं. ओल किती आणि कुठल्या बाजूला, हे मला कळत नाही, हे त्याला माझ्यापेक्षा चांगलं ठाऊक आहे. त्यानं चहाचा ग्लास माझ्या हातात दिला आणि त्या दिवशी पहिल्यांदा, दुपारचे साडेतीन झालेले असताना, जमिनीवर पोतं टाकून तो आडवा झाला.

"मिस्त्री," डोळे मिटून म्हणाला, "तुम्ही जागे आहात ना?"

"आहे," मी म्हटलं. "तू झोप."